पैशाचे भाडे

गेल्या वैशाखात माझा एक जुना विद्यार्थी वास्तुशांतीचे आमंत्रण घेऊन घरी आला. कल्याणच्या पुढे, स्टेशनापासून बऱ्याच आत, सातव्या मजल्यावर त्याने दोन खोल्या आणि स्वयंपाकघर असा फ्लॅट घेतला होता. त्याच वसाहतीत, तसल्याच जागेत, तो आजवर सोळा हजार रुपये भाड्याने राहत होता. पेढे झाले, चहा झाला. वडीलधारी माणसे विचारतात तसे मीही विचारले, "केवढ्याला पडलं रे घर?"

तो म्हणाला, "त्रेचाळीस हजारांना, सर."

त्रेचाळीस हजारांत हल्ली एक बरेसे कपाट येते. मी म्हटले, "अरे, महिन्याचं नाही विचारत. किंमत विचारतो." मग त्याने थोडे आठवून सांगितले: करारातली किंमत साडेबासष्ट लाख. त्यातले साडेबारा पदरचे, पन्नास बँकेचे. व्याज साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षे. "पण हप्ता पगारात बसतो, सर. आणि भाडं भरत राहणं म्हणजे पैसे पाण्यातच की नाही?"

हा मुलगा गणितात कधी पहिल्या तिघांच्या खाली उतरला नव्हता. चक्रवाढ व्याजाची उदाहरणे तो फळ्याशी उभा राहून इतरांना समजावून देई. अशा माणसाने घराची किंमत विचारली असता हप्ता सांगावा, आणि आपण काही विपरीत बोललो असे त्याला वाटूही नये, या गोष्टीने मी दोन दिवस अस्वस्थ होतो. हा लेख त्या अस्वस्थतेतून लिहीत आहे. माझे म्हणणे थोडक्यात असे: गृहकर्जाच्या व्यवहारात हप्ता या आकड्याखाली घराची खरी किंमत झाकली जाते, आणि हे झाकण आपण सुशिक्षित मंडळी स्वतःच्या हाताने दाबून धरतो.

तो गेल्यावर आमंत्रणपत्रिकेच्या कोऱ्या पाठीवर मी हिशेब मांडला. हप्ता ४३,३९१ रुपयांचा. असे हप्ते २४०. गुणाकार १ कोटी ४ लाख १४ हजारांवर जातो. घेतले पन्नास लाख, फेडायचे एकशेचार लाख. नुसते व्याजच चोपन्न लाख, म्हणजे मुद्दलाहून अधिक. त्यात पदरचे साडेबारा लाख मिळवा. मुद्रांक शुल्क त्या भागात सात टक्क्यांच्या घरात, म्हणजे ४ लाख ३७ हजार. नोंदणीचे ३० हजार. एकूण १ कोटी २१ लाखांच्या पुढे. सोसायटीची वर्गणी, मालमत्ता कर आणि पावसाळ्यातली गळती मी धरलेली नाही. ती रोखीने घेतलेल्या घरालाही चुकत नाहीत. तेव्हा "केवढ्याला पडलं" या माझ्या प्रश्नाचे उत्तर सव्वा कोटीच्या जवळ होते. मला मिळालेले उत्तर त्रेचाळीस हजार होते.

या बेरजेपेक्षाही बोलके आहे ते परतफेडीचे कोष्टक. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे आणि अवघे ७,९७४ मुद्दलाचे. पाच वर्षांत या मुलाच्या हातून २६ लाख रुपये जातील आणि त्याचे देणे सहा लाखांनीही कमी झालेले नसेल. ४४ लाख शिल्लक असतील. दहा वर्षांनी, म्हणजे मुदतीचा अर्धा रस्ता सरल्यावर, त्याने ५२ लाख भरलेले असतील, घेतल्याहून दोन लाख अधिक, आणि देणे ३५ लाख उरलेले असेल. मुद्दल निम्म्यावर यायला १६६ वा हप्ता उजाडावा लागेल. चौदा वर्षांना दोन महिने कमी.

यात कोणाची लबाडी नाही, हे आधीच सांगून ठेवतो. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागते, आणि आरंभी सगळेच मुद्दल उरलेले असते; म्हणून आरंभीचे हप्ते व्याज खाते. गणित अगदी शुद्ध आहे. पण विक्रीच्या वेळी या शुद्ध गणितातली एकच ओळ ग्राहकापुढे धरली जाते आणि बाकीची वही मिटलेली राहते. हप्ता जड वाटला तर सल्लाही तयार असतो: "मुदत वाढवा ना, हलका होईल." वीसाची तीस वर्षे केली तर हप्ता ३८,४४६ होतो, महिन्याला पाच हजारांना काही कमी वाचतात. पण एकूण व्याज चोपन्न लाखांवरून अठ्ठ्याऐंशी लाखांवर जाते. महिन्याच्या पाच हजारांच्या सुखासाठी चौतीस लाख! हाच व्यवहार कोणी "चौतीस लाख द्या आणि थोडा हलका हप्ता घ्या" अशा शब्दांत मांडला असता तर एकाही गृहस्थाने सही केली नसती.

आता ते "भाडे म्हणजे पैसे पाण्यात" हे सुभाषित. गेली वीस-पंचवीस वर्षे ते लग्नाच्या पंगतीपासून लोकलच्या डब्यापर्यंत मी ऐकत आलो आहे आणि ते म्हणणाऱ्याला कोणी अडवल्याचे मला स्मरत नाही. व्याज म्हणजे तरी काय? व्याज हे पैशाचे भाडे आहे. दुसऱ्याच्या घरात राहिल्याबद्दल द्यायचे ते घराचे भाडे. दुसऱ्याचा पैसा वापरल्याबद्दल द्यायचे ते पैशाचे. दोन्ही परत येत नाहीत. माझा विद्यार्थी घराचे भाडे सोळा हजार देत होता, आता पैशाचे भाडे साडेपस्तीस हजार देतो, आणि पैसे पाण्यात जायचे थांबले म्हणून पेढे वाटतो. घरभाडे दर वर्षी पाच टक्क्यांनी वाढत गेले असे धरले, तरी ते या व्याजाच्या बरोबरीला यायला दहावे वर्ष उजाडते. त्यानंतर मालकाची बाजू वरचढ होते, हे मी नाकारीत नाही. पण पहिली नऊ वर्षे कोणते पाणी अधिक खोल होते, एवढे तरी मोजावे की नाही?

येथे वाचक तीन आक्षेप घेतील आणि तिन्हींत तथ्य आहे.

पहिला महागाईचा. वीस वर्षांनंतरचे त्रेचाळीस हजार आजच्याइतके जड नसतील. पगार वाढेल, हप्ता तोच राहील. खरे आहे, आणि म्हणूनच एकशेचार लाखांची बेरीज आजच्या रुपयांत मोजणे पूर्ण न्यायाचे नाही. पण ही सवलत ज्याचा पगार वाढत जातो त्यालाच मिळते. २०२० साली नोकऱ्या डळमळल्या तेव्हा रिझर्व्ह बँकेने मार्च ते ऑगस्ट असे सहा महिने हप्ते पुढे ढकलण्याची मुभा दिली. अनेकांना ती माफी वाटली. हप्ता थांबला होता, व्याज थांबले नव्हते. पन्नास लाखांवर साडेआठ टक्क्यांनी सहा महिन्यांचे सरळ व्याजच २ लाख १२ हजार होते. व्याजावरचे व्याज घेऊ नये एवढा दिलासा पुढे मिळाला. मूळ व्याज ज्याचे त्याला द्यावेच लागले.

दुसरा आक्षेप आयकराचा. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, ती जुन्या करपद्धतीत. २०२० साली आलेल्या नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही. आणि माझ्या विद्यार्थ्याचे पहिल्या वर्षाचे व्याज सव्वाचार लाखांना थोडेसेच कमी आहे. अर्ध्या व्याजावरचा कर वाचावा म्हणून पूर्ण व्याज भरायचे, हा व्यवहार कोणी वाण्याने केला असता तर त्याला आपण वेडा म्हटले असते.

तिसरा आक्षेप सर्वांत लाडका: "घराची किंमत वाढते ना!" वाढते, पुष्कळदा वाढते. पण ज्या घरात आपण राहतो ते विकून जायचे कोठे? शेजारचेही तेवढेच महाग झालेले असते. राहत्या घराची वाढलेली किंमत माणसाला बोलण्यात श्रीमंत करते. महिन्याच्या एक तारखेला ती कामाला येत नाही.

शिवाय आतापर्यंतचा सारा हिशेब व्याजदर वीस वर्षे जागचा हलणार नाही असे धरून केलेला आहे, आणि तो हलतोच. २०२१ च्या अखेरीस पावणेसात टक्क्यांनी पन्नास लाख घेणाऱ्याचा वीस वर्षांचा हप्ता ३८,०१८ रुपये होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ एवढ्या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाहेरच्या मानदंडाला, बहुधा रेपो दरालाच, बांधलेली असल्यामुळे या माणसाचा दर सव्वानवांवर गेला. तोवर त्याचे मुद्दल ४९ लाखांच्या आसपास आलेले असणार. ४९ लाखांवर सव्वानऊ टक्क्यांनी महिन्याचे व्याज ३७,७७१. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलापोटी जमा होणारी रक्कम २४७ रुपये. या गतीने कर्ज फिटायला चोपन्न वर्षांहून अधिक लागतील! इतकी मुदत कोणीच देत नाही. म्हणून मर्यादेपर्यंत मुदत ताणायची आणि मग हप्ता वाढवायचा, असा मार्ग निघाला. २०२५ मध्ये दर पुन्हा उतरले. पण मधल्या काळात व्याजात गेलेला रुपया दराबरोबर परत येत नाही.

हे सगळे मी दुरून पाहून लिहीत नाही. मी तेहतीस वर्षे शाळेत गणित शिकवले. २००४ साली, चाळीसाव्या वर्षी, डोंबिवलीत घर घेताना मी दहा लाखांचे कर्ज काढले: पावणेआठ टक्के, बदलता दर, अठरा वर्षे, हप्ता ८,५९९. मुदत मुद्दाम अठरा घेतली होती, कारण अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्ती आणि कर्ज दोन्ही एकदम संपावीत असा माझा बेत होता. त्यानंतर दर चढत गेले. हप्ता तोच राहिला, म्हणून मी निश्चिंत राहिलो. २००९ मध्ये कसल्याशा दाखल्यासाठी बँकेत गेलो तेव्हा काउंटरवरच्या तरुण मुलीने पडदा माझ्याकडे वळवला. पाच वर्षांत ५ लाख १६ हजार भरले होते. देणे ९ लाख २६ हजार होते. उरलेली मुदत सत्तावीस वर्षे.

मी तिला म्हटले, "बाई, काहीतरी चुकलं असेल." ती अदबीने म्हणाली, "नाही सर, दर वाढला की मुदत आपोआप वाढते. पत्र आलं असेल ना?" पत्र आले असेलही. मी घरी येऊन गणित केले. तिचे बरोबर होते. जे उदाहरण मी दर वर्षी फळ्यावर सोडवून दाखवत होतो ते पाच वर्षे माझ्याच घरात चालले होते, आणि मी ते एकदाही कागदावर मांडले नव्हते. हप्ता भरला की कर्तव्य संपले, असे मला वाटे.

वर्गात शिकवतो ते संध्याकाळी विकायचे नाही, असा माझा नेम होता. नोकरीच्या नियमांतही ते बसत नव्हते. २००९ च्या दिवाळीनंतर मी शिकवण्या धरल्या आणि पुढे अकरा वर्षे केल्या. वाढीव हप्ता त्यातून भरला आणि कर्ज निवृत्तीपूर्वी फेडले. आता लोक म्हणतात, "सर, तुमचं घर दहा-बारा लाखांत झालं, नशीबवान आहात." व्याजासह ते किती लाखांत झाले याचा हिशेब माझ्याकडे आहे. त्या अकरा वर्षांच्या संध्याकाळी कोणत्या रकान्यात मांडायच्या, हे मात्र मला अजून ठरवता आलेले नाही. माझी मुलगी त्या काळात दहावी झाली, बारावी झाली. तिला गणित दुसऱ्या एका सरांनी शिकवले, कारण मला वेळ नव्हता. गृहकर्जाची खरी किंमत मोजायची तर ही ओळही तीत आली पाहिजे. सोडावीशी वाटूनही न सोडलेली नोकरी, वरिष्ठांपुढे गिळलेला शब्द, "हप्ते संपू देत, मग बघू" म्हणून पुढे ढकललेले आईचे मोतिबिंदू, हे सारे वीस वर्षांच्या मुदतीत व्याजासारखेच दर महिन्याला साठत जाते, आणि त्याचा उतारा बँक देत नाही.

कर्जाच्या कागदाशी आपले नाते पूर्वी निराळे होते. आपल्या जुन्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम होता: एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून अधिक होता कामा नये. इंग्रजी अमलातही मुंबई इलाख्यातली न्यायालये हिंदू ऋणकोच्या बाबतीत तो मानीत. हा नियम थकलेल्या व्याजापुरता होता, हप्त्याहप्त्याने भरलेल्या व्याजाची बेरीज त्यात येत नाही, हे मी जाणतो. कायदेपंडितांनी संपादकांना पत्र लिहिण्याची तसदी घेऊ नये. पण त्या नियमाने लोकांच्या मनात एक खूण रोवली होती, की व्याज मुद्दलाच्या उंचीला पोचले की थांबावे आणि विचार करावा. हप्त्याने ती खूणच पुसून टाकली.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकरी सावकारांच्या दारांशी जमले आणि त्यांनी खतपत्रे काढून जाळली. पुढे १८७९ साली कायदा झाला आणि न्यायालयांना कागदावरच्या आकड्याच्या मागे जाऊन व्यवहाराचा मूळ हिशेब तपासण्याचा अधिकार मिळाला. आजच्या बँकेला त्या सावकाराच्या पंगतीला बसवणे अन्याय होईल. गृहकर्जे सर्रास मिळू लागण्याआधी माझ्यासारख्या शिक्षकाला भविष्य निर्वाह निधी हाती आल्याशिवाय, म्हणजे केस पांढरे झाल्याशिवाय, स्वतःचे छप्पर दिसत नसे. ते कर्जामुळे चाळिशीत दिसले, हे ऋण मी मानतो. माझी तुलना सावकारांची नसून ऋणकोंची आहे. सुप्याच्या कुणब्याला कागद वाचता येत नव्हता, तरी त्यात काय आहे हे त्याला ठाऊक होते. आपल्याला कागद वाचता येतो. आपण पानापानावर सह्या करतो आणि तो कपाटात ठेवून देतो.

आणि आता कागद मिळत नाही, अशीही सबब उरलेली नाही. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, ही निवड ऋणकोला द्यावी, आणि मुदत ताणताना व्याजही वसूल होणार नाही अशी अवस्था येऊ देऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये बजावले. दर तिमाहीला मुद्दल किती, व्याज किती आणि हप्ते किती उरले याचे विवरण देणेही त्यात आले. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे कोष्टक असलेले तथ्यपत्रक, ऋणकोला समजेल अशा भाषेत, द्यावे लागते. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीपूर्वी फेडीचा दंड बँकांना घेता येत नाही, हे तर २०१२ पासूनचे आहे. कायद्याने दार उघडून ठेवले आहे. आत आपण जात नाही.

म्हणून माझी मागणी दोघांकडे आहे. घरे विकणाऱ्यांनी आणि कर्ज देणाऱ्यांनी जाहिरातीत ज्या अक्षरांत हप्ता छापला त्याच अक्षरांत, त्याच्याच शेजारी, एकूण फेड छापावी. एकशेचार लाखांचा आकडा वाचून ज्याचा उत्साह ओसरेल त्याचा तो तेव्हाच ओसरलेला बरा. आणि आपण घरवाल्यांनी "केवढ्याला पडलं" या प्रश्नाचे खरे उत्तर द्यायला शिकावे, दुसऱ्याला नाही तर निदान स्वतःला.

वास्तुशांतीला मी गेलो. आहेराच्या पाकिटाबरोबर शंभर पानी वही दिली. तीत त्याच्या कर्जाचे २४० ओळींचे कोष्टक मी हाताने लिहिले होते. शुभकार्यात हे शोभले नाही, असे माझी पत्नी म्हणाली. तिचेही खरेच असेल. विद्यार्थ्याने सोवळ्यातच वही उघडली, पाच-सहा ठिकाणी बोट ठेवून मनातल्या मनात पडताळा घेतला आणि मिटली. चूक सापडली नसावी. त्याची बायको प्रसादाचे ताट घेऊन आली होती. तिने वही त्याच्या हातून घेतली, पाने उलटत १६६ व्या ओळीवर आली आणि म्हणाली, "म्हणजे निम्मं फिटेल तेव्हा आपला बाळ अठरा वर्षांचा असेल."

कोणी काही बोलले नाही. मग तिनेच विचारले, "सर, दर महिन्याला पाच हजार जास्त भरले तर?"

मी खिशातली पेन्सिल काढली. साडेपंधरा वर्षांत फिटते आणि जवळजवळ चौदा लाख वाचतात.